रूम टोन

राबाळे एमआयडीसी, गाळा नंबर अकरा.
इथे आधी प्लास्टिकच्या बादल्या बनत.
आता दर मंगळवारी 'उखाळ्यापाखाळ्या'चे दोन भाग बनतात.
रात्री पावणेनऊला मागची फॅक्टरी हवेत काहीतरी सोडते
आणि पाहुणे एकमेकांकडे संशयाने बघतात.

मी साउंडवाली.
माझं काम गळ्याशी.
रझिया मुकादम वकील आहेत, स्वतःच ओढणी सरकवून म्हणतात,
लाव गं, आणि बॅटरी बघ,
मागच्या वेळी माझा मुद्दा सुरू झाला नि ती मेली.
केणीशेठ, माजी नगरसेवक, कोपरखैरणे,
दोन बटणं उघडी ठेवूनच येतात.
माइक सोन्याच्या साखळीवर घासतो, खर्र खर्र.
काढा ना शेठ, म्हटलं तर,
'साखली काढली तं वलखनार कोन?'
अश्वघोष गांगुर्डे विनोद करतो, त्याचं घर त्यावर चालतं.
पोस्टरवर त्याच्या फोटोखाली 'कुणाच्या बापाला भीत नाही'.
रेकॉर्डिंगआधी त्याच्या छातीत इतकं धडधडतं
की मला लेव्हल खाली घ्यावी लागते.

दामोदरबुवा खुटाळ मात्र
'ताई, राहू द्या, मी लावतो' म्हणतात,
श्वास रोखून, छताकडे बघत,
आणि उलटा लावतात.
दर वेळी.

परवा शर्वरी ओगलेने प्रश्न टाकला :
देवाचं नाव मतदारयादीत शोधलं
तर कुठल्या वॉर्डात सापडेल?
केणीशेठ म्हणाले, जिथं एफएसआय जास्त.
रझियाताई म्हणाल्या, आधी पत्त्याचा पुरावा मागतील.
अश्वघोष जरा थांबला.
'नाव होतं. वगळलंय.
शेरा आहे – मयत.'

बुवांनी उपरणं तोंडावर दाबलं.
कॅमेऱ्याला वाटलं, संताप.
माझ्या कानात कापडावर कापड घासलं
आणि त्याच्या खाली, उलट्या माइकमध्ये,
पोटातून आलेलं हसू, आवरत नसलेलं.

सगळं संपलं की मी हात वर करते.
एवढाच माझा अधिकार.
अर्धा मिनिट कोणी बोलू नका.

रिकाम्या खोलीलाही आवाज असतो,
तो भरून ठेवावा लागतो.
पुढे कुठे कापलंच तर तिथे ठिगळ लावायला.
नाहीतर ऐकणाऱ्याला भोक कळतं.

तीस सेकंद.
एसी. ट्यूबचा चोक.
ठाणे-बेलापूर रोडवर गिअर बदलणारा ट्रेलर.
पाच माणसं, तोंडात मत नसताना
तोंडाचं काय करायचं ते न कळलेली.
केणीशेठ साखळी मुठीत धरून बसले, ती वाजू नये म्हणून.
सांगितलं नव्हतं मी.
अश्वघोषची छाती हळूहळू जागेवर आली.

सतराव्या सेकंदाला बुवांचं पोट बोललं.
एकादशी होती.
लांब, वळसे घेत, समेवर येता येता पुन्हा निघालेलं.
कोणी हसलं नाही.
हसायचं नाही, यावर त्या टेबलाचं एकमत झालं,
तीन सीझनमध्ये पहिल्यांदा.
रझियाताईंनी डोळे मिटले होते. खांदे हलत होते.

बुधवारी चॅनेलच्या वकिलांचा मेल :
सात मिनिटं बारा सेकंद, अश्वघोषचं उत्तर पूर्ण काढा.
त्याजागी काय, मी विचारलं.
काही नको, म्हणाले. शांतता.

माझ्याकडे होती.
पहिले सोळा सेकंद स्वच्छ होते, कुठलेही चालले असते.
मी सतरावा घेतला.

शुक्रवारी घणसोलीत, साडेनऊला,
सासरे ताटावर बसलेले.
पडद्यावर शर्वरीने विचारलं,
मग देव कुठल्या वॉर्डात?
आणि एक क्षण कोणीच काही बोललं नाही.
सासऱ्यांचा घास हातातच राहिला.
'काय म्हणाला गं?'
कोण, मी विचारलं.
'तो. आत्ता. खालच्या आवाजात.'

आणि त्यांनी डाव्या हाताने
रिमोट चाचपून
आवाज वाढवला.